वाचक विचारतात : सिडनीचे मॉलवाले वळिवड्याच्या कॅम्पातले होते का?

प्रश्न : सर, माझा नातू सिडनीत नोकरीला आहे. तिथले वेस्टफिल्ड नावाचे मोठमोठे मॉल ज्यांनी उभे केले ते फ्रँक लोवी निर्वासित होते, हिटलरच्या छळातून वाचले होते, असं त्यानं फोनवर सांगितलं. माझे वडील वळिवड्याच्या पोलिश कॅम्पात भाजी पोचवायचे. हे गृहस्थ त्याच कॅम्पातले काय? फुटबॉलशीही त्यांचा संबंध होता म्हणे, खरं का?
– एक वाचक, मंगळवार पेठ

उत्तर : नाही, ते वळिवड्याचे नव्हेत. पण हा घोटाळा फक्त तुमचाच होतो असं नाही. एकतीस वर्षं शाळेत इतिहास शिकवला, दरवर्षी कुणीतरी पोरगं हेच विचारायचं. वळिवड्याला 1943 ते 1948 या काळात जे सुमारे पाच हजार पोलिश लोक राहिले, त्यांत बहुतेक बायका आणि मुलं होती, आणि बहुतेक कॅथलिक ख्रिस्ती. त्यांना घराबाहेर काढलं ते स्टालिनच्या रशियानं. सैबेरिया, कझाकस्तान, मग इराण आणि तिथून आपलं कोल्हापूर. हिटलरनं ज्यूंचा जो संहार केला, ती हकिकत वेगळी. लोवी त्यातले.

जन्म 1930चा, चेकोस्लोव्हाकियातला. पुढे कुटुंब हंगेरीत, बुडापेस्टला आलं. 19 मार्च 1944 रोजी जर्मन फौजा हंगेरीत घुसल्या. वडील ह्यूगो सगळ्यांची तिकिटं काढायला म्हणून रेल्वे स्टेशनवर गेले आणि तिथंच पकडले गेले. फ्रँक तेरा वर्षांचा. मुलानं बापाला पुन्हा पाहिलं नाही. आई आणि तो बुडापेस्टमध्येच जीव मुठीत धरून राहिले आणि वाचले. त्याच उन्हाळ्यात हंगेरीतून सव्वाचार लाखांहून जास्त ज्यू मालगाड्यांत कोंबून नेले, बहुतेक सगळे पोलंडमधल्या ऑशविट्झच्या मृत्युछावणीत. दोन महिन्यांच्या आत.

युद्ध संपल्यावर 1946 साली हा मुलगा जहाजानं पॅलेस्टाईनला निघाला. ब्रिटिशांनी जहाज अडवलं आणि माणसं सायप्रसच्या छावणीत डांबली. हिटलरच्या तावडीतून सुटलेल्या पोराला पुन्हा तारेचं कुंपण! शिकवताना या ठिकाणी माझा आवाज जड व्हायचा. पुढे इस्रायलच्या 1948च्या लढाईत तो लढला आणि 1952 साली ऑस्ट्रेलियात आपल्या माणसांकडे गेला.

धंद्याचं सांगतो, कारण मंगळवार पेठेतल्या माणसाला ते लगेच कळेल. तिथं तो सॉसेज वगैरे माल गाडीत घालून दुकानोदुकानी पोचवायचा. तुमचे वडील कॅम्पात भाजी पोचवत, तसंच. त्यातच जॉन सॉन्डर्स भेटले, तेही हंगेरीतून जीव वाचवून आलेले. दोघांनी सिडनीच्या पश्चिमेला ब्लॅकटाऊनमध्ये खाण्याच्या जिनसांचं दुकान टाकलं. युरोपातून रोज नवी माणसं येत होती, त्यांना आपल्याकडची चव हवी होती. ती नस या दोघांनी ओळखली. मग दुकानाच्या पुढं जाऊन जमीन घेतली, आणि 1959 साली बारा दुकानांचं, दोन मोठ्या भांडारांचं पहिलं संकुल उघडलं. पश्चिमेकडचं शेत, म्हणून नाव वेस्टफिल्ड. पुढच्या वर्षी कंपनी शेअर बाजारात गेली, नंतर अमेरिका आणि इंग्लंडपर्यंत पसरली. 2018 साली मॉलचा तो जागतिक पसारा एका युरोपीय कंपनीला विकला गेला.

फुटबॉलचं खरं आहे. 2003 ते 2015 ते ऑस्ट्रेलियाच्या फुटबॉल संघटनेचे अध्यक्ष होते. तिथं फुटबॉल म्हणजे परक्यांचा खेळ, क्रिकेट आणि रग्बीपुढं मागं पडलेला. 2005 साली नवी लीग सुरू झाली. त्याच वर्षी नोव्हेंबरात उरुग्वेला पेनल्टीवर हरवून ऑस्ट्रेलिया विश्वचषकात पोचली, 1974 नंतर पहिल्यांदाच. शाहू स्टेडियमवर पेनल्टीच्या वेळी कशी शांतता पसरते ते तुम्हाला ठाऊक आहे. तसंच काहीसं त्या रात्री सिडनीत झालं असणार.

देणग्या पुष्कळ आहेत. सिडनीतली परराष्ट्र धोरणाची लोवी इन्स्टिट्यूट 2003ची. शिवाय कर्करोगाचं संशोधन केंद्र, डोळ्याच्या पडद्याच्या एका दुर्मीळ आजारावरचं संशोधन. मला मात्र त्यांचं सगळ्यांत मोठं दान वाटतं ते मालगाडीच्या एका डब्याचं.

वडिलांचं काय झालं हे त्यांना जवळजवळ पन्नास वर्षं माहीत नव्हतं. मग ह्यूगोंसोबत त्या गाडीत असलेला एक माणूस अवचित भेटला. त्यानं सांगितलं, ऑशविट्झच्याच बिर्केनाऊ या भागातल्या फलाटावर उतरल्यावर सगळ्यांना सामान टाकायला लावलं. ह्यूगोंच्या हातात एक छोटं बोचकं होतं. त्यात प्रार्थनेच्या वेळी अंगावर घ्यायचं वस्त्र आणि धर्मवचनं ठेवलेल्या, कपाळाला आणि दंडाला बांधायच्या चामड्याच्या डब्या. ते बोचकं त्यांनी सोडलं नाही. पहारेकऱ्यांनी मारून मारून तिथंच जीव घेतला. आपल्याकडचा एखादा माळकरी गळ्यातली तुळशीची माळ काढून देईल का, याचा विचार करा, म्हणजे ह्यूगो कळतील.

लोवींनी तसलाच एक जुना जर्मन मालडबा शोधून दुरुस्त करून घेतला. 2009 साली तो बिर्केनाऊच्या त्याच रुळांवर उभा राहिला, हंगेरीतल्या ज्यूंच्या स्मरणार्थ. आज तिथं जाणारा प्रत्येक जण त्याच्यासमोर थांबतो. मुलानं डब्याच्या आत प्रार्थनेच्या वस्त्राची पिशवी ठेवली. बापाच्या हातून जे हिसकावलं, ते तिथं पुन्हा पोचवलं.

आता वळिवड्याकडे. पोलिश लोक गेल्यावर त्याच जागेत फाळणीत घरं सोडून आलेले सिंधी बांधव वसले, तेच आजचं गांधीनगर. शाळेच्या गणवेशाचं कापड मी तिथूनच घ्यायचो. आणि माझी तुम्हाला एक विनंती आहे. वडील भाजी घेऊन जायचे तेव्हा कोणत्या गेटातून जायचे, त्या बायका काय मागायच्या, मराठीत मागायच्या की खुणेनं, पैसे कसे चुकते करायच्या, जे जे ऐकलं असेल ते कागदावर उतरवून आमच्याकडे पाठवा. तुमचं अक्षर लागत नसेल तर नातवाला फोनवर सांगा, तो टाईप करील.