कॅथलिक बिशप कसे होतात? त्यासाठी परीक्षा असते की निवडणूक?

तुम्ही लिहिलंय की कोल्हापुरात कॉलेजला आहात, ख्रिश्चन मित्राच्या घरी भिंतीवर बिशपांचा फोटो बघितला आणि हे पद मिळतं कसं, यात "करिअर" होतं कसं असा प्रश्न पडला. मी कॅथलिक आहे, कोल्हापुरातच वाढलोय, म्हणून सांगतो. परीक्षा नसते, निवडणूक नसते आणि अर्जही करता येत नाही. ज्याचं नाव पुढं जातं त्याला स्वतःला त्याचा पत्ता नसतो.

आधी एक घोळ सोडवू. कोल्हापुरातला ख्रिस्ती समाज बराचसा प्रोटेस्टंट, म्हणजे पोपना न मानणाऱ्या परंपरेतला आहे. रॉयल वाइल्डर हे अमेरिकन मिशनरी १८५२ साली इथं आले, तिथून तो धागा येतो. शिवाय चर्च ऑफ नॉर्थ इंडिया या प्रोटेस्टंट चर्चचा कोल्हापूर नावाचाच धर्मप्रांत, म्हणजे एका बिशपांच्या कारभाराखालचा प्रदेश, आहे, त्याला वेगळे बिशप असतात आणि ते संसारी असू शकतात. तेव्हा फोटो नेमका कुणाचा, हे मित्राला विचारून घ्या. आम्ही कॅथलिक इथं थोडे. २००५ पर्यंत आम्ही पुणे धर्मप्रांतात होतो. त्या वर्षी सिंधुदुर्ग हा नवा धर्मप्रांत झाला, आल्विन बरेटो त्याचे पहिले बिशप. त्यामुळं आमच्या बिशपांचं कॅथेड्रल, म्हणजे मुख्य चर्च, आंबोली घाटाच्या खाली, सावंतवाडीत आहे.

आता निवडीचं. बिशप व्हायला माणूस किमान ३५ वर्षांचा हवा, फादर होऊन किमान पाच वर्षं झालेली हवीत, आणि बायबल, ईशज्ञान किंवा चर्चचा कायदा यांतला त्याचा अभ्यास पक्का हवा. फादर होण्याआधीची सेमिनरीतली, म्हणजे फादर घडवणाऱ्या शाळेतली, आठ-दहा वर्षं वेगळीच. आसपासच्या धर्मप्रांतांचे बिशप दर तीन वर्षांनी लायक फादरांची यादी करतात. एखादी गादी रिकामी झाली की दिल्लीत असलेले पोपचे राजदूत चौकशी सुरू करतात. निवडक फादरांना आणि काही प्रापंचिकांनाही पत्रं जातात: हा माणूस प्रार्थनेत कसा, पैशात कसा, रागात कसा? या पत्राबद्दल घरीसुद्धा बोलायचं नसतं. शेवटी तीन नावं रोमला जातात आणि निर्णय पोप घेतात. ते त्या तिघांच्या बाहेरचाही माणूस नेमू शकतात. मग त्या फादरांना विचारलं जातं, आणि त्यांना नाही म्हणता येतं. होकार आला की रोममध्ये दुपारी बारा वाजता नाव जाहीर होतं. आपल्याकडं तेव्हा साडेतीन-साडेचार वाजलेले असतात.

नुसत्या नियमांवरून हे आयुष्य कळत नाही, म्हणून एक उदाहरण देतो. थॉमस डाबरे. जन्म १९४५, वसईतलं भुईगाव. घरची भाषा मराठी. फादर झाल्यावर त्यांनी डॉक्टरेटसाठी विषय घेतला तो संत तुकारामांच्या ईश्वरानुभवाचा. मला याचं फार अप्रूप आहे. आषाढीला कोल्हापुरातनं नंदवाळला दिंडी निघते, आमच्या गल्लीतले निम्मे लोक तिच्यात असतात, त्यामुळं अभंग लहानपणापासून कानावर आहेत. आपल्याच धर्माचा एक गुरू ते अभंग श्रद्धेनं वर्षानुवर्षं अभ्यासतो आणि चर्च त्यालाच बिशप नेमतं, हे कळलं तेव्हा दोन्ही गोष्टी माझ्याच आहेत असं मनापासून वाटलं.

डाबरे १९९० मध्ये मुंबईचे सहायक बिशप झाले. १९९८ मध्ये मुंबईतून वसई धर्मप्रांत वेगळा निघाला आणि त्याचे पहिले बिशप म्हणून त्यांनाच नेमलं. स्वतःची माती, स्वतःची माणसं. माणसानं तिथंच आयुष्य काढावं असं कुणालाही वाटेल. पण २००९ मध्ये त्यांना पुण्याला पाठवलं आणि ते गेले. त्यांच्यानंतर २०२३ मध्ये पुण्याला आलेले जॉन रॉड्रिग्ज दोन वर्षांच्या आत मुंबईचे आर्चबिशप झाले. तुम्ही "करिअर" हा शब्द वापरलाय, तो चुकीचा नाही. पण इथं पुढची पायरी आपण निवडत नाही, फक्त जातो. फादर होताना ब्रह्मचर्याबरोबर आज्ञापालनाचंही वचन दिलेलं असतं, त्याचा अर्थ हा.

दीक्षाविधी मात्र एकदा बघाच. होणारे बिशप वेदीसमोर जमिनीवर पालथे पडतात आणि लोक संतांची नावं घेत प्रार्थना करतात. मग शक्यतो किमान तीन बिशप त्यांच्या डोक्यावर हात ठेवतात. शुभवर्तमानाचं उघडं पुस्तक डोक्यावर धरलं जातं, तेलाचा अभिषेक होतो. अंगठी, उंच टोपी आणि मेंढपाळाची काठी त्यानंतर मिळते. फोटोत आपल्याला तेवढंच दिसतं.

रोजचं काम म्हणजे फादरांच्या बदल्या, शाळा, दवाखाने, जमिनींचे कागद, आणि गावोगाव जाऊन मुलांना दृढीकरण, म्हणजे बाप्तिस्म्यानंतर श्रद्धा पक्की करणारा संस्कार, देणं. माझं दृढीकरण झालं तेव्हा आम्ही पुण्याकडंच होतो. बिशपांनी कपाळावर तेलानं क्रूस काढला, त्याचा वास दुसऱ्या दिवशी शाळेतही येत होता. ऑलिव्हच्या तेलात सुगंधी द्रव्य मिसळून ते करतात आणि पवित्र आठवड्यात बिशप ते आशीर्वादित करतात. वर्षभर प्रत्येक चर्चमध्ये तेच वापरलं जातं. बिशप आमच्यापर्यंत वर्षातून एखाद्या वेळी पोचत असतील, पण बाळाच्या बाप्तिस्म्याला त्यांचं तेल असतंच.

७५ वर्षं पूर्ण झाली की बिशप पोपकडं राजीनामा पाठवतात. तो कधी स्वीकारायचा ते पोप ठरवतात. त्यानंतर ते निवृत्त बिशप. बिशपपण जात नाही, धर्मप्रांताचा कारभार तेवढा सुटतो.

मित्र कॅथलिक असेल आणि त्याच्याबरोबर एखाद्या रविवारी मिस्साला, म्हणजे चर्चमधल्या उपासनेला, गेलात तर भाकर आणि द्राक्षारसावरच्या मोठ्या प्रार्थनेकडं कान द्या. तिथं पोपचं नाव येतं आणि लगेच पाठोपाठ आपल्या बिशपांचं. जगभरातल्या कॅथलिक चर्चमध्ये हे दुसरं नाव त्या त्या धर्मप्रांताप्रमाणं बदलतं. गादी रिकामी असेल तर फादर पोपचं नाव घेऊन तसेच पुढं जातात. आमच्या आईला ती मोकळी जागा बरोबर कळायची. चर्चमधनं घरी येताना ती विचारायची, "अजून कुणाला नेमलं न्हाई व्हय?"