रापणीच्या दोरापाशी

मालवण

प्रिय मित्रा,
सप्रेम आशीर्वाद.

कोणता कॅमेरा घ्यावा, असे तू विचारले आहेस. सध्या हाताशी जो असेल तो पुरे. माहितीपटात घटना पुन्हा घडवून आणता येत नाही, म्हणून ती घडण्याआधी कुठे उभे राहायचे हे कळावे लागते, आणि त्यासाठी समोरच्या माणसाचे काम आधी समजून घ्यावे लागते.

रापणीचेच, म्हणजे किनाऱ्यावरून जाळे ओढून करायच्या मासेमारीचेच पाहा. होडी अर्धवर्तुळात जाळे सोडत पुन्हा किनाऱ्याला लागते. मग दोन्ही टोकांचे दोर दोन टोळ्या ओढतात आणि ओढता ओढता एकमेकींच्या जवळ सरकतात. नवखा छायाचित्रकार मागे कोरड्या वाळूत उभा राहतो आणि त्याला नुसत्या पाठी मिळतात. रापण पाहिलेला माणूस बाजूने, ओल्या वाळूवर, कोणाच्या वाटेत न येता उभा राहतो, तेव्हा ताणलेला दोर, वाळूत रुतलेल्या टाचा आणि चेहरे एका चौकटीत येतात. मासळी दिसली की बहुतेक जण कॅमेरा बंद करतात. तू तो चालू ठेव, कारण वाटणी त्यानंतर होते, आणि कोणाच्या वाट्याला काय आले यावरची कुजबुज तिथेच ऐकू येते.

तांत्रिक बाबी थोडक्यात सांगतो. सेकंदाला २५ फ्रेम असतील तर शटर १/५० सेकंद ठेवावे. भर दुपारच्या किनाऱ्यावर त्यासाठी एनडी फिल्टर, म्हणजे भिंगात येणारा उजेड कमी करणारी काच, लागतोच. खारी हवा आणि पावसाळी दमट हवा भिंगांचे हाल करते (बुरशी धरली की रडून उपयोग नसतो), तेव्हा सिलिका जेल घातलेल्या हवाबंद डब्याची सवय लाव.

रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळासच्या किनाऱ्यावर कासवांची पिल्ले समुद्राकडे निघतात तेव्हा दिवा लावू नये. ती उजेडाकडे वळून वाट चुकतात. उजेड पुरेसा नसेल तर ते चित्र सोडून द्यावे.

पुण्याच्या १९६० साली स्थापन झालेल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये छायाचित्रणाचा अभ्यासक्रम आहे, तिथे प्रयत्न अवश्य कर. प्रवेश मिळेपर्यंत लग्नाची कामे घेण्यात कमीपणा मानू नकोस. घरभाडे त्यातूनच निघते, आणि पुन्हा न घडणारा क्षण टिपण्याचा सरावही होतो.

१ जून ते ३१ जुलै यांत्रिक नौकांची मासेमारी बंद असते. त्या दिवसांत जाळी दुरुस्त करणाऱ्यांपाशी कॅमेरा न काढता जाऊन बस. त्यानंतर जे चित्रित करशील ते कापून सजवून पाठवू नकोस. न कापलेली वीस मिनिटे मला पाठव.

तुझा,
एक जुना छायाचित्रकार