वाचकांचे प्रश्न : पाण्यावर उभे केलेले मत

प्रश्न : जत्रेच्या नाटकासाठी आम्ही 'ओघमत' नावाचा काल्पनिक पंथ रचतो आहोत. मांडवीकाठच्या गावातले लोक पाण्यालाच तत्त्व मानतात, इतके ठरले आहे. पण संवाद लिहायला बसलो की 'जीवन म्हणजे प्रवाह' याच्यापुढे काही सुचत नाही. काय चुकते आहे? (एक वाचक, फोंडा)

उत्तर : पाणी ठरले, पण पाण्याला विचारायचा प्रश्न ठरला नाही, म्हणून अडले आहे. जगातल्या विचारवंतांनी पाण्याकडून निरनिराळी कामे करून घेतली. मिलेटसच्या थेलीसने विचारले, सगळे कशापासून झाले? हेराक्लायटसने नदी घेतली ती बदल सांगायला : त्याच नदीत उतरणाऱ्यावरून दरवेळी वेगळे पाणी वाहते. लाओत्सेला पाण्याचा नम्रपणा हवा होता. ते सर्वांचे भले करते आणि लोक टाळतात त्या सखल जागी जाऊन राहते. छांदोग्य उपनिषदातल्या नद्या समुद्रात मिळतात आणि 'मी अमुक नदी' हे भान हरपतात. बौद्धांनी प्रवाह घेतला तो आत्म्याशिवाय सातत्य कसे राहते हे दाखवायला. ही मते एकमेकांशी जुळत नाहीत. पाचही एकाच गुरूच्या तोंडी घातलीत तर दुसऱ्या अंकापर्यंत तो स्वतःलाच खोडू लागेल. एक निवडा.

आमचे मत विचाराल तर यातले एकही न घेता व्यासभाष्याकडे जा. योगसूत्र 1.12 वरच्या भाष्यात चित्ताला दोन्ही दिशांना वाहणारी नदी म्हटले आहे : एक ओघ कल्याणाकडे, दुसरा पापाकडे. वैराग्याने विषयांकडचा ओघ अडवायचा आणि अभ्यासाने विवेकाचा ओघ मोकळा करायचा. डोंगरातल्या नदीकाठी राहणाऱ्याला हे नुसते रूपक वाटेल. मांडवी आणि जुवारी मात्र भरतीला खरोखरच उलट्या वाहतात, मुखापासून कितीतरी आत, खारे पाणी घेऊन. तुमच्या गावकऱ्यांना हे शिकवावे लागत नाही. ते रोज पाहतात.

आता मत बांधायचे. पहिले विधान वस्तूचे : मन दोन्हीकडे वाहते. दुसरे कारणाचे : का वाहते? इथे वैशेषिकांची, म्हणजे पदार्थांचे गुण तपासणाऱ्या प्राचीन दर्शनाच्या पंडितांची, मदत घ्या. त्यांच्या मते पाण्याचे द्रवत्व (पातळपणा) स्वाभाविक आहे, तुपाचे मात्र आगीच्या संयोगाने येते. आणि वाहण्याला पहिली चालना मिळते ती द्रवत्वामुळे. म्हणजे तुमच्या पंथात 'मनाला वाहते करा' हा उपदेश बसणार नाही. ते वाहतेच आहे. तिसरे विधान कर्तव्याचे, ते यातूनच निघते : माणसाच्या हाती फक्त दार आहे. योगसूत्र 4.3 मधला शेतकरी हेच करतो. एका वाफ्यातले पाणी दुसऱ्यात न्यायला तो ते हाताने ढकलत नाही. मधला बांध फोडतो, पाणी आपले आपण जाते. ही तीन विधाने पात्रांना पाठ असली की संवाद सुचतील, कारण भांडायला जागा मिळेल.

प्रश्न : खाजनातली (भरतीच्या पातळीखालच्या शेतजमिनीतली) मानस, म्हणजे बांधातले पाण्याचे दार, आमच्या कथेत पंथाची दीक्षाभूमी म्हणून घ्यायची आहे. ती नेमकी कशी चालते? (एक वाचक, दिवाडी)

उत्तर : निवड उत्तम आहे, पण रंगमंचावर चाक फिरवून दार उघडणारा माणूस दाखवू नका. मानशीची खरी करामत तिथेच आहे. खाजन जमीन भरतीच्या पातळीखाली असते. नदीच्या बाजूला जांभा दगड आणि चिकणमातीचा बांध, त्यात मानस, आत पोंय म्हणजे पाणी साठवणारा खोलगट भाग, आणि त्याच्या पलीकडे शेते. मानशीची लाकडी दारे अशी बसवतात की भरतीचे पाणी बाहेरून दाबू लागले की ती मिटतात आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या दाबाने उघडतात. माणसाचे काम फळ्या घालून आतली पातळी राखणे, दारे-फळ्या तपासणे आणि ओहोटीच्या धारेला जाळे लावणे.

जूनच्या पावसाने मातीतले मीठ धुऊन निघते, ते पाणी ओहोटीला बाहेर जाते, मग कोरगुटासारखे खारे सोसणारे भात घेतात. मासळीच्या लोभाने कोणी भरतीला दारे उघडी अडवून ठेवली की खारे पाणी थेट शेतात शिरते. जोराच्या धारेने मानशीचा तळ खणला जातो आणि बाजूचा बांध ढासळतो. खेकड्याचे एक बीळ वेळीच बुजवले नाही तरी उधाणाला तिथूनच खिंडार पडते. एकदा खारवलेले शेत पडीक राहिले की त्यात खारफुटी उगवते. तुमच्या नाटकाला खलनायक हवा असेल तर तो इथेच आहे, आणि त्याचे म्हणणेही ऐकण्यासारखे आहे : मासळीचा पैसा त्याला आज हवा आहे, भात मात्र चार महिन्यांनी येणार. ओघमताने 'उघडे ठेवा' आणि 'बंद ठेवा' या दोन्हींना नकार देऊन 'केव्हा' हा प्रश्न विचारावा.

प्रश्न : सगळे जर वाहतेच, तर काल घेतलेले कर्ज आज कोणी फेडायचे? आमच्या मंडळात यावरून वाद झाला. (वाचक मंडळ, पेडणे)

उत्तर : वाद योग्य जागी झाला. क्षणिकवादाला, म्हणजे सारे क्षणोक्षणी नवे होते या बौद्ध मताला, नैयायिकांचा (न्यायदर्शनाच्या पंडितांचा) आक्षेप याच जातीचा होता : एकाने अनुभवलेले दुसऱ्याला आठवत नाही, मग अनुभवणारा आणि आठवणारा वेगळे कसे? बौद्ध उत्तर देतात ते संततीचे, म्हणजे क्षणांच्या अखंड मालिकेचे. आधीचा क्षण पुढच्याला आपला संस्कार देऊन जातो. ओघमताला तिसरी वाट आहे आणि ती गोव्याच्या मातीतली आहे. पाणी बदलते, बांध राहतो. खाजनाचा बांध एकट्याचा नसतो. गावकरीने, म्हणजे गावाच्या सामूहिक संस्थेने, तो पिढ्यान्‌पिढ्या सामूहिकपणे राखला. तसे ऋणही पाण्याचे न मानता बांधाचे मानावे, म्हणजे ज्या नात्यांनी आणि शब्दांनी माणूस बांधला आहे त्यांचे. विरोधक विचारेल, बांधही झिजतो ना? पंथाचे उत्तर : म्हणूनच दरवर्षी दुरुस्ती, आणि दुरुस्तीला हात न लावणाऱ्याचा पिकावर हक्क नाही. हा पूर्वपक्ष, म्हणजे विरोधकाचा आक्षेप, नाटकात एखाद्या तल्लख पात्राला द्या. दुबळ्या माणसाच्या तोंडी घातला तर पंथही दुबळा दिसेल.

प्रश्न : पंथाची उपासना रोज पहाटे भरतीच्या वेळी ठेवली तर? (एक वाचक, म्हापसा)

उत्तर : चालणार नाही. भरती रोज सुमारे 50 मिनिटे पुढे सरकते. दोन भरत्यांत साधारण 12 तास 25 मिनिटे असतात. आज पहाटे असलेली भरती आठवड्याने सकाळ टळून गेल्यावर येईल. उपासना घड्याळाला न बांधता पाण्याला बांधा : दारे मिटतात तो क्षण मौनाचा, उघडतात तो बोलण्याचा. मोठी पर्वे अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला ठेवा, बांधाची परीक्षा तेव्हाच होते. अष्टमीच्या सुमारास भांग असते, पाणी कमी चढते, दुरुस्तीची कामे त्या दिवसांत दाखवा. वेळा मुरगाव बंदराच्या तक्त्यावरून काढा, पण कथेतले गाव नदीत आत असेल तर तिथे भरती उशिरा पोहोचते, तेवढी मिनिटे वाढवून घ्या.