चेंडू हाती न येणाऱ्या मुलाचं करिअर

टेक्ससमधल्या फ्रिस्कोहून एका आईचं पत्र आलं आहे. मुलगा सोळा वर्षांचा, अकरावीत, जन्म अमेरिकेतला. शाळेच्या अमेरिकन फुटबॉल संघात फुलबॅक, म्हणजे चेंडू घेऊन धावणाऱ्याच्या पुढे राहून त्याला वाट करून देणारा. उंची पाच फूट अकरा इंच, वजन 210 पौंड, गणित-विज्ञान चांगलं. प्रशिक्षक म्हणतात, 'कॉलेजात नक्की खेळेल.' मुलगा म्हणतो, 'एनएफएल' (अमेरिकेतली व्यावसायिक फुटबॉल लीग). वडील म्हणतात, 'चेंडू तर याच्या हातात येतच नाही. दुसऱ्यासाठी धडका मारायच्या, यात कसलं करिअर?' आणि शेवटी ता. क. म्हणून दोन ओळी: ऑक्टोबरातल्या एका सामन्यानंतर दोन दिवस त्याचं डोकं दुखत होतं, उजेड सहन होत नव्हता. 'कोचना सांगू नकोस' म्हणाला, म्हणून त्या गप्प राहिल्या.

ताई, स. न. वि. वि.

तुमच्या ता. क.पासूनच सुरुवात करतो, कारण बाकीचं सगळं त्यानंतरचं आहे. तुम्ही वर्णन केलेली लक्षणं कन्कशनची, म्हणजे मेंदूला बसलेल्या हादऱ्याची असू शकतात. हंगाम संपला असला तरी त्याला डॉक्टरांकडे न्या आणि शाळेच्या अ‍ॅथलेटिक ट्रेनरला (खेळाडूंच्या दुखापती सांभाळणाऱ्याला) तारखेसकट सगळं सांगा. टेक्ससमध्ये 2011 पासून यासाठी कायदा आहे. शंका आली की खेळाडूला त्याच दिवशी बाहेर काढायचं, आणि डॉक्टरांची लेखी परवानगी व पालकांची सही असल्याशिवाय परत उतरवायचं नाही. पण घरच्यांनीच लपवलं तर कायदा काय करणार? पहिला हादरा भरून येण्याआधी दुसरा बसला तर किशोरवयात मेंदूला सूज येऊन जिवावर बेतल्याची उदाहरणं आहेत. क्वचित घडतं, पण घडतं. मुलगा आठवडाभर रुसेल. रुसू द्या.

फुलबॅकच्या बाबतीत मी यावर जास्त अडून बसतो, कारण टक्कर हा त्याच्या कामातला अपघात नव्हे, तेच त्याचं काम. केविन टर्नर हा अलाबामाचा फुलबॅक 1992 ते 1999 अशी आठ वर्षं पेट्रियट्स आणि ईगल्स या एनएफएल संघांकडून खेळला. पुढे त्याला एएलएस, म्हणजे स्नायूंवरचा ताबा हळूहळू सुटत जाणारा मज्जासंस्थेचा आजार झाला. डोक्याच्या दुखापतींवरून माजी खेळाडूंनी एनएफएलवर जो मोठा दावा लावला, त्यातला तो एक प्रमुख वादी. 2016 मध्ये, वयाच्या 46 व्या वर्षी तो गेला. मृत्यूनंतर बॉस्टन विद्यापीठातल्या तज्ज्ञांना त्याच्या मेंदूत सीटीई हा, डोक्याला वारंवार बसलेल्या धक्क्यांतून होणारा मेंदूचा आजार गंभीर अवस्थेत आढळला. याच विद्यापीठाच्या 2017 च्या अभ्यासात एनएफएल खेळाडूंच्या 111 मेंदूंपैकी 110 मध्ये सीटीई निघाला. हा आकडा जपून वाचा. ते मेंदू कुटुंबांनी दान केले होते, आणि बऱ्याच जणांना आधीपासून त्रास दिसत होता; म्हणजे शंभरातल्या नव्याण्णव खेळाडूंना हा आजार होतोच असं नव्हे. पण हसण्यावारी नेण्यासारखाही तो नाही. सीटीईचं पक्कं निदान आजही मृत्यूनंतरच होतं.

आता वडिलांचा प्रश्न. तो रास्त आहे, फक्त त्यांनी तो चुकीच्या कारणासाठी विचारला आहे.

फुलबॅक रनिंग बॅकच्या, म्हणजे चेंडू घेऊन धावणाऱ्याच्या, पुढे उभा राहतो. चेंडू सुटला की चार-पाच यार्ड धावून समोरच्या लाइनबॅकरला (प्रतिस्पर्धी बचावातल्या खेळाडूला) बाजूला करायचं आणि मागच्याला वाट द्यायची. पालखीपुढे वाट करणाऱ्या चोपदारासारखंच, फक्त इथे समोरचा हात जोडून बाजूला होत नाही. लोरेन्झो नीलचं उदाहरण त्यांना सांगा. 1993 च्या ड्राफ्टमध्ये (एनएफएल संघ दरवर्षी नवे खेळाडू निवडतात त्यात) चौथ्या फेरीत निवडला गेलेला हा गडी सोळा हंगाम टिकला. 1997 ते 2007 अशी सलग अकरा वर्षं, वेगवेगळ्या संघांत, त्याच्या मागून धावणाऱ्याने हंगामात हजार यार्डांच्या वर मजल मारली. संघ बदलले, मागचा धावपटू बदलला, पुढचा नील तोच. 2006 मध्ये सॅन दिएगोच्या लाडेनियन टॉमलिन्सनने एका हंगामात 31 टचडाउन केले (म्हणजे तितक्या वेळा चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे नेला), लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. तेव्हाही पुढे नीलच होता. असा माणूस काय किमतीचा असतो हे प्रशिक्षकांना बरोबर कळतं. नील कॉलेजात कुस्तीही खेळायचा. तुमच्या मुलाच्या शाळेत हिवाळ्यात कुस्ती असेल तर त्याचा विचार करा. खाली राहून, कंबरेतून जोर लावून समोरच्याला हलवणं तिथे जसं अंगात मुरतं तसं वजनं उचलून मुरत नाही. अर्थात डॉक्टर हो म्हणाले तरच.

तेव्हा, 'यात काही कौशल्य नाही' हे वडिलांचं म्हणणं मी मान्य करत नाही. 'यात करिअर नाही' हे मात्र जवळजवळ मान्य करतो. कारण असं की ही जागाच आटत चालली आहे.

एके काळी फुलबॅक हाच संघाचा मुख्य धावपटू असायचा. क्लीव्हलँडचा जिम ब्राउन फुलबॅकच होता. 1957 ते 1965 या नऊ हंगामांत 12,312 यार्ड धावला, त्यातल्या आठ हंगामांत लीगमध्ये पहिला. 1972 मध्ये मायामी डॉल्फिन्सने एकही सामना न हरता हंगाम जिंकला तेव्हा लॅरी झोंका हा त्यांचा फुलबॅक चेंडू घेऊन माणसं अंगावर घेत जायचा. मग हळूहळू खेळ हवेत गेला, म्हणजे धावण्याऐवजी चेंडू फेकण्यावर आला. चेंडू फेकणारा क्वार्टरबॅक मागे उभा, मैदानभर पसरलेले तीन-चार रिसीव्हर म्हणजे झेलणारे, आणि त्यांच्यासाठी जागा करायची म्हणून काढला कोण, तर फुलबॅक. आज एनएफएलचे 32 संघ आहेत, प्रत्येकाकडे 53 जागा. त्यात फुलबॅकला एक जागा मिळाली तर मिळाली. कित्येक संघ एकही ठेवत नाहीत. गरज पडली तर टाइट एंडलाच (अडवणं आणि झेलणं दोन्ही करणाऱ्या खेळाडूला) तिथे उभं करतात. कॉलेजांमध्येही तेच. त्यामुळे 'मी फुलबॅक आहे' एवढंच सांगणाऱ्या मुलाला भरती करणारे प्रशिक्षक पुढचा प्रश्न विचारतात, 'आणखी काय येतं?'

ज्यांचं नाव मुलगा तुम्हाला सांगेल, त्यांच्याकडेच बघा. काइल यूसचेक ओहायोचा. हार्वर्डमधून अर्थशास्त्राची पदवी घेतली, तिथे टाइट एंडसारखा खेळायचा. 2013 मध्ये बाल्टिमोर रेव्हन्सने चौथ्या फेरीत घेतलं आणि फुलबॅक केलं. 2017 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोने त्याच्याशी चार वर्षांचा 2 कोटी 10 लाख डॉलरचा करार केला. फुलबॅकला एवढे पैसे देणं तेव्हा अनेकांना वेडेपणा वाटला होता. पण तो वाट मोकळी करतो, चेंडू झेलतो आणि कुठल्याही जागी उभा राहतो, म्हणून टिकला. तरीही 2025 च्या मार्चमध्ये त्याच संघाने त्याला मोकळं केलं आणि काही दिवसांत कमी पैशांत परत घेतलं. या व्यवसायातल्या सगळ्यात यशस्वी माणसाची ही गत. दुसरा पॅट्रिक रिकार्ड, मेन विद्यापीठाचा. 2017 मध्ये त्याला ड्राफ्टमध्ये कोणी घेतलंच नाही. मुळात तो बचावफळीतला, तीनशे पौंडांचा. रेव्हन्सने त्याला दोन्ही बाजूंनी खेळवून पाहिलं आणि त्याचा फुलबॅक झाला. म्हणजे दोघेही कॉलेजात फुलबॅक नव्हतेच! मुलाला हे नीट समजावून सांगा. आत्तापासून चेंडू झेलायचा सराव, टाइट एंडची ब्लॉकिंग (समोरच्याला अडवणं) आणि किक-ऑफ, पंट अशी चेंडूला लाथ मारायची वेळ आली की उतरणाऱ्या स्पेशल टीम्सची कामं त्याला यायलाच हवीत. एनएफएलमधला फुलबॅक बऱ्याचदा याच कामांवर संघात जागा राखतो.

पैशांचं थोडक्यात सांगतो, कारण मुलांच्या डोक्यात फक्त मोठे आकडे असतात. 2025 मध्ये नवख्या खेळाडूचा किमान पगार पूर्ण हंगामाला 8 लाख 40 हजार डॉलर होता. 'पूर्ण हंगामाला' हे शब्द महत्त्वाचे. उन्हाळ्यात संघात नव्वद जण असतात, ऑगस्टअखेर त्रेपन्न उरतात. बाकीचे घरी, किंवा नशीब असेल तर सरावापुरते ठेवलेले. करारातली बरीचशी रक्कम हमीची नसते. एजंट तीन टक्क्यांपर्यंत घेतो, कर वेगळे. पेन्शनला पात्र व्हायला तीन हंगाम लागतात आणि खेळाडूंच्या संघटनेच्या हिशेबानं सरासरी कारकीर्दच तीन-साडेतीन वर्षांची. पंचविशीत निवृत्त होणाऱ्या माणसाच्या हातात पदवी असली पाहिजे, हे वडिलांचं मत असेल तर मी त्यांच्या बाजूला आहे.

म्हणून माझा सल्ला असा. मुलाला एनएफएलसाठी तयार करू नका. फुटबॉल त्याच्यासाठी कुठल्या कॉलेजचं दार उघडतो ते बघा. शाळेत खेळणाऱ्या शंभर मुलांतली साधारण सात एनसीएए या कॉलेज-खेळांच्या संघटनेतल्या कॉलेजांच्या संघांत पोचतात. हा आकडा लहान आहे, पण हाताबाहेरचा नाही, आणि अभ्यासात बरा असलेला 210 पौंडांचा मुलगा त्यात बसू शकतो.

पहिली गोष्ट कागदांची. डिव्हिजन वनसाठी, म्हणजे कॉलेज-खेळाच्या सगळ्यात वरच्या गटासाठी, एनसीएएला 16 मूळ विषय लागतात. त्यातले दहा बारावी सुरू होण्याआधी पूर्ण हवेत आणि त्या विषयांचा जीपीए (चारपैकी सरासरी गुण) किमान 2.3. तुमच्या मुलाला हा अडथळा नसावा, तरी समुपदेशकाकडून यादी तपासून घ्या; एखादा विषय 'मूळ' धरलाच जात नाही असं ऐन वेळी कळतं. मोठ्या विद्यापीठांच्या मागे मात्र आंधळेपणाने लागू नका. 2025 पासून अनेक मोठ्या विद्यापीठांच्या फुटबॉल संघांत खेळाडूंची मर्यादा 105 झाली आहे, त्यामुळे शिष्यवृत्तीशिवाय संघात शिरू पाहणाऱ्या वॉक-ऑन मुलांची जागा आकसली.

आयव्ही लीगमध्ये, म्हणजे हार्वर्डसारख्या आठ नामवंत विद्यापीठांच्या गटात, खेळासाठी शिष्यवृत्ती नसते. आर्थिक मदत कुटुंबाच्या गरजेवर ठरते. पण प्रशिक्षकाला मुलगा हवा असेल तर प्रवेशाच्या वेळी त्याचा शब्द कामी येतो. (हे वाक्य वडिलांना मोठ्याने वाचून दाखवा.) डिव्हिजन थ्रीतही खेळासाठी पैसे नाहीत, पण कार्नेगी मेलन, जॉन्स हॉपकिन्स, एमआयटी यांचे संघ तिथे खेळतात. गणित-विज्ञान चांगलं असलेल्या फुलबॅकसाठी मला ही जागा सगळ्यात शहाणपणाची वाटते. चार वर्षं खेळ, इंजिनिअरिंगची पदवी, आणि गुडघे-मान बऱ्यापैकी शाबूत. खेळाच्या आसपासच राहायचं असेल तर स्पोर्ट्स मेडिसिन आहे, आकडेवारीचं विश्लेषण आहे, प्रशिक्षण आहे; टेक्ससमधले शाळांचे कोच बहुतेक शिक्षकही असतात.

आणखी एक वाट आहे, ती भारतीय घरांत फारशी कुणी सुचवत नाही. वेस्ट पॉइंट, अ‍ॅनापोलिस आणि कोलोराडो स्प्रिंग्ज इथल्या लष्करी अकादम्यांचे संघ ऑप्शन पद्धतीचा खेळ (चेंडू कुणाकडे जाणार हे क्वार्टरबॅक ऐन वेळी ठरवतो) अजून धरून आहेत आणि त्यात फुलबॅकच्या हाती चेंडू भरपूर येतो. शिक्षण मोफत. मुलगा जन्माने अमेरिकन नागरिक असल्यामुळे पात्र आहे. तुमचं ग्रीन कार्ड आलं की नाही याचा इथे संबंध नाही. अमेरिकन संसदेतल्या (काँग्रेसमधल्या) सदस्याचं किंवा सिनेटरचं नामांकन लागतं. त्याची चौकशी अकरावीच्या वसंतातच सुरू करावी लागते, म्हणजे तुमच्याकडे वेळ थोडा आहे. पण पदवीनंतर किमान पाच वर्षं सैन्यात सेवा करावी लागते. केवळ खेळायला मिळतं म्हणून तिकडे जाणं मी कुणालाच सुचवणार नाही. तशी सेवा करायची त्याची खरोखर इच्छा आहे का, हे त्याला विचारा, आणि वडील समोर असताना विचारा. बघा, कदाचित त्या दोघांत चेंडूशिवाय दुसऱ्या विषयावर बोलणं सुरू होईल.

आपला,
करिअर मार्गदर्शक