प्रश्न तुमचे: कपडेपटातून निर्मितीकडे

वेशभूषा करणाऱ्या आणि पुढे चित्रपटनिर्मितीकडे वळू पाहणाऱ्या वाचकांचे पाच प्रश्न या वेळी घेतले आहेत.

प्रश्न : सात वर्षं वेशभूषा करतेय. निर्माती व्हायचंय म्हटलं की लोक विचारतात, "पैसे आहेत का?" कपडेपटातून खरंच कुणी निर्माता झालंय का? कोणत्या वाटेनं?

झालंय. हॉलिवूडमधल्या पॉली प्लॅट (१९३९–२०११) यांची सुरुवात नाटकांच्या वेशभूषेतून झाली. तिथून त्या अख्ख्या दृश्यपटाच्या आखणीकडे, म्हणजे प्रॉडक्शन डिझाइनकडे आल्या : १९७१ चा 'द लास्ट पिक्चर शो', १९७३ चा 'पेपर मून'. १९७८ च्या 'प्रिटी बेबी'ची पटकथा त्यांची, आणि त्यात त्या सहयोगी निर्मात्याही होत्या. १९८७ च्या 'ब्रॉडकास्ट न्यूज'च्या त्या कार्यकारी निर्मात्या आणि १९९६ च्या 'बॉटल रॉकेट'च्या निर्मात्या. हा क्रम नीट पाहा : अंगावरचा कपडा, मग भोवतालची जागा, मग गोष्ट, मग संपूर्ण चित्रपट. दर पायरीला जबाबदारीचा घेर वाढत गेला.

ऑस्ट्रेलियाच्या कॅथरिन मार्टिन यांची वाट वेगळी. १९९२ च्या 'स्ट्रिक्टली बॉलरूम'पासून त्या एकाच दिग्दर्शकाबरोबर, बाझ लुहरमन यांच्याबरोबर, वेशभूषा आणि प्रॉडक्शन डिझाइन करत आल्या. २००१ च्या 'मूलाँ रूज'साठी त्यांना या दोन्ही कामांची ऑस्कर मिळाली. २०१३ च्या 'द ग्रेट गॅट्सबी'साठी पुन्हा दोन्ही मिळाली, आणि या चित्रपटाच्या त्या निर्मात्याही होत्या. (वेशभूषेतून पुढे दिग्दर्शनाकडे गेलेले मिचेल लाइसन आणि जोएल शूमाकर हा आणखी निराळा विषय.)

राहिला पैशांचा प्रश्न. स्वतःचे पैसे घालणं हे वित्तपुरवठादाराचं काम. गोष्ट, माणसं आणि पैसा एकत्र आणून चित्रपट ठरल्या खर्चात पुरा करणं हे निर्मात्याचं. लोक या दोन कामांची गल्लत करतात.

प्रश्न : माझ्या आजवरच्या कामातलं नेमकं काय तिथे उपयोगी पडेल? रंग आणि कापड कळणं पुरेसं नाही, हे मलाही दिसतंय.

रंग-कापड तर सगळ्यांत कमी उपयोगाचं. खरी शिदोरी आहे ती पटकथा वाचायची तुमची सवय. वेशभूषाकार पटकथा हातात घेतल्याबरोबर गोष्टीतले दिवस मोजतो आणि प्रत्येक दिवशी कोणाच्या अंगावर काय आणि कोणत्या अवस्थेत असेल ते लिहून काढतो. निर्मात्याला हेच करायचं असतं, फक्त सगळ्या विभागांसाठी.

एक उदाहरण घेऊ. पटकथेत एवढंच लिहिलंय : 'नायकाच्या खांद्याला गोळी लागते.' दिग्दर्शकाला तीन टेक हवेत. गोळीचा छोटा स्फोट दर वेळी शर्ट फाडणार, म्हणून नायकाचे तीन शर्ट, आणि त्याच्या स्टंट डबलचे, म्हणजे धोक्याच्या दृश्यात त्याच्या जागी उभं राहणाऱ्याचे, तीन. आधीच्या प्रसंगासाठी एक स्वच्छ आणि एक राखीव. त्या रात्रीचा ओल्या रक्ताचा एक, दुसऱ्या सकाळचा वाळलेल्या डागांचा एक. झाले दहा. पूर्ण बाहीच्या शर्टाला अडीच मीटर धरले तर २५ मीटर. सुती कापड बेतण्याआधी धुऊन आटवून घ्यायचं, त्यात थोडं वाया जाणार, म्हणून २७-२८ मीटर घ्यायचं आणि एकाच ताग्यातून घ्यायचं. तोच रंग पुढच्या खेपेला किंचित वेगळा निघतो. डोळ्यांना ते कळत नाही, कॅमेऱ्याला कळतं.

निर्मात्यानं याच वाक्यात आणखी वाचायचं असतं. टेक झाला की शर्ट बदलणं, नवी जोडणी करणं, अंग पुसणं, यात वीस-तीस मिनिटं जातात. म्हणजे त्या दिवशी बाकीची दृश्यं कमी घ्यायला हवीत. सर्वांत मोठी चूक होते ती क्रमाची. चित्रीकरण गोष्टीच्या क्रमानं होत नाही. डागाळलेल्या शर्टाची सकाळ चित्रीकरणाच्या दुसऱ्याच दिवशी चित्रित होते आणि गोळी सुटते एकोणिसाव्या दिवशी. त्या दिवशी कुणाला वाटलं की गोळी डाव्याऐवजी उजव्या खांद्यात बरी दिसेल, तर दुसऱ्या दिवसाचं काम वाया. म्हणून भोक कुठे, डाग केवढा आणि कुठवर ओघळलेला, हे दिग्दर्शकाकडून आधी ठरवून घ्यायचं, फोटो काढायचे, आणि मगच वेळापत्रकावर शिक्कामोर्तब करायचं. वेशभूषाकार हा प्रश्न सवयीनं विचारतो. निर्माता झाल्यावर तोच प्रश्न जखमेच्या मेकअपलाही विचारायचा आणि फुटलेल्या काचेलाही.

दुसरं उदाहरण गर्दीचं. दोनशे माणसं, प्रत्येकाला कपडे चढवून तपासायला आठ मिनिटं, म्हणजे १६०० मिनिटं. कपडे चढवणारे आठ जण असतील तर २०० मिनिटं, म्हणजे तीन तास वीस मिनिटं. सकाळी सातला पहिला शॉट हवा असेल, तर केस आणि मेकअपचा वेळ न धरताही कामाला पहाटे ३.४० ला लागायला हवं. त्या आठ जणांचा दिवस तिथून मोजला जातो. संध्याकाळी त्यांचा ओव्हरटाइम सुरू होतो, आणि दोन दिवसांमधली दहा-बारा तासांची विश्रांती पाळायची तर दुसऱ्या दिवसाचा कॉलही, म्हणजे हजर व्हायची वेळही, पुढे ढकलावा लागतो. यावर उपाय आहे. आधी एक ट्रायलचा दिवस ठेवायचा. प्रत्येकाचे कपडे अंगावर घालून, खुणा करून, नंबर घातलेल्या पिशवीत ठेवायचे. मग प्रत्यक्ष दिवशी माणशी तीन मिनिटं लागतात, म्हणजे एकूण ७५ मिनिटं. ट्रायलच्या दिवसाला अंदाजपत्रकात सगळ्यांत आधी कात्री लागते. ती लावू देऊ नका.

प्रश्न : माझ्या विभागाचं बजेट मी व्यवस्थित सांभाळते. पूर्ण चित्रपटाचं समोर आलं की गोंधळते. सुरुवात कुठून करू?

आठवड्याच्या खर्च-अहवालापासून करा. त्यात ओळींपेक्षा रकाने महत्त्वाचे : मंजूर रक्कम, झालेला खर्च, बांधील रक्कम (ऑर्डर दिली आहे, बिल चुकतं व्हायचंय), अजून लागणारी रक्कम, आणि अंतिम अंदाज. समजा, तुमच्या विभागाला १०० मंजूर आहेत. खर्च झाले ५५, बांधील २५, अजून लागतील ३२. अंतिम अंदाज ११२. म्हणजे तुम्ही १२ नं वर आहात. पण फक्त झालेला खर्च पाहणारा माणूस "४५ शिल्लक आहेत" म्हणून निर्धास्त राहतो. विभागप्रमुखांकडून ही चूक फार होते, आणि ती चित्रीकरणाच्या शेवटच्या आठवड्यात उघडी पडते. तोवर वाचवण्यासारखं काही उरलेलं नसतं.

यानंतर रोख प्रवाह शिका. कपडेपटाचा मोठा खर्च चित्रीकरणाच्या कित्येक आठवडे आधी होतो : कापड, शिवण, रंगकाम, जुनवणं. वित्तपुरवठादाराचे पैसे मात्र हप्त्यांनी येतात : करारावर सही झाल्यावर, पूर्वतयारीच्या आरंभी, चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी, ते संपल्यावर आणि चित्रपट सुपूर्द केल्यावर. मोठा हप्ता पहिल्या दिवसाला बांधला असेल आणि कापड सहा आठवडे आधी घ्यायचं असेल, तर कागदावर पैसे असूनही शिंप्याला द्यायला नसतात. पूर्वतयारीचा हप्ता मोठा मागून घ्या, आणि तो मागताना सोबत आठवडावार खर्चाचा तक्ता ठेवा. नुसत्या विनंतीवर हप्ते बदलत नाहीत.

आकस्मिक खर्चासाठी साधारण दहा टक्के बाजूला ठेवण्याची रीत आहे. तो निधी पूर्वतयारीत फोडायचा नाही. आणि आपापल्या विभागात गुपचूप जादा रक्कम लपवायची जुनी सवय सोडायची, कारण आता ती लपवाछपवी शोधणं हेच तुमचं काम असणार आहे.

प्रश्न : पहिल्या चित्रपटात निर्मिती आणि वेशभूषा दोन्ही केलं तर? तेवढेच पैसे वाचतील.

करू नका. वेळापत्रक कोलमडतं त्याच संध्याकाळी फिटिंगही असतं, आणि तुम्ही एकाच ठिकाणी असू शकता. शिवाय छायाचित्रण विभागाची मागणी तुम्ही नाकारलीत की तुमच्या कपडेपटाला किती मिळाले, याचा हिशोब लोक मनात करतात. तो हिशोब चुकीचा असला तरी विश्वास जातो. मार्टिन यांनी दोन्ही केलं हे खरं, पण 'गॅट्सबी'त त्यांच्यासोबत इतरही निर्माते होते आणि पाठीशी दोन दशकांचा अनुभव होता.

त्यापेक्षा छोट्या चित्रपटात लाइन प्रोड्यूसरच्या (रोजचा खर्च आणि वेळापत्रक सांभाळणाऱ्या निर्मात्याच्या) हाताखाली एक पूर्ण फेरी करा, पूर्वतयारीपासून सुपूर्द करण्यापर्यंत. 'सहयोगी निर्माता' हे श्रेय मिळत असेल तर जरूर घ्या. मात्र या पदाचा अर्थ प्रत्येक ठिकाणी वेगळा असतो, म्हणून करारात कामं लिहून घ्या : खर्च-अहवाल दर आठवड्याला मिळेल का, वेळापत्रकाच्या बैठकीला बसता येईल का, संकलनाच्या खोलीत प्रवेश आहे का.

प्रश्न : एक कादंबरी मनात घर करून बसली आहे. मैत्रीण पटकथा लिहायला तयार आहे. पहिलं पाऊल कोणतं?

मैत्रिणीला थांबवा. आधी हक्क.

चित्रपटाचे हक्क लेखकाकडे आहेत, प्रकाशकाकडे की वारसांकडे, ते मूळ करार पाहून ठरवा. तोंडी शब्दावर नको. पूर्वी कुणाला ऑप्शन, म्हणजे ठरावीक मुदतीपुरता खरेदीचा राखीव अधिकार, दिला होता का आणि त्याची मुदत संपली का, हेही कागदावर पाहा. हक्क लगेच विकत घ्यायची गरज नसते. ऑप्शन घ्यायचा : १२ किंवा १८ महिने फक्त तुम्हालाच खरेदीचा अधिकार, आणि एकदा मुदत वाढवण्याची सोय. अंतिम खरेदीची रक्कम आजच करारात लिहायची. ऑप्शनची रक्कम बऱ्याचदा खरेदीच्या दहाव्या हिश्श्याच्या आसपास असते, पण वाटाघाटीनं बरीच कमी होऊ शकते, आणि पहिल्या मुदतीचे पैसे बहुधा खरेदीतून वजा होतात. भाषा, मालिका, पुढचा भाग, पुनर्निर्मिती यातलं काय मिळतं, ते एकेक लिहून घ्या. मोघम शब्दांवरून पुढे भांडणं होतात.

मग मैत्रिणीशी लेखी करार करा. तुमची स्केचेस कोणाच्या मालकीची, यावर तुम्ही कधी ना कधी वाद घातला असेल. तिची पानं कोणाच्या मालकीची, हा प्रश्नही तसाच येतो. आणि ऑप्शनची शेवटची तारीख ठळक लिहून ठेवा. खरेदीची किंवा मुदतवाढीची नोटीस त्या तारखेच्या आत लेखी पोचायला हवी. एक दिवस उशीर झाला तर कादंबरी लेखकाकडे परत जाते, पटकथा तुमच्याकडे राहते, आणि दोघांनाही एकमेकांशिवाय त्या पटकथेवर चित्रपट करता येत नाही.