टीएमएसचा पहिला प्रयोग लावण्याआधी

टीएमएस म्हणजे डोक्यावर धरलेल्या तारेच्या कॉइलमधून चुंबकीय पल्स सोडून मेंदू उत्तेजित करणं. पण पल्स सुटला की फक्त मेंदूच उत्तेजित होत नाही. मोठा ‘टक्’ आवाज होतो, डोक्याच्या कातडीला टिचकी बसते, कधी जबड्याचे स्नायू आखडतात. नुसत्या त्या आवाजानेही माणूस सावध होतो आणि प्रयोगात दिलेलं बटण लवकर दाबतो. ईईजीत (डोक्यावरून घेतलेल्या मेंदूच्या विद्युत नोंदीत) पल्सनंतर साधारण १०० आणि २०० मिलिसेकंदांना डोक्याच्या मध्यावर मोठ्या लाटा दिसल्या तर हुरळून जाऊ नकोस. त्यात ऐकण्याचा आणि स्पर्शाचा वाटा मोठा असतो.

नुसते इअरप्लग पुरत नाहीत, आवाज हाडातूनही कानात पोचतो. मास्किंग नॉइज, म्हणजे ‘टक्’ झाकणारा आवाज, कानात लाव, कॉइलखाली फोमचा पातळ थर ठेव.

कंट्रोलवर, म्हणजे तुलनेसाठीच्या पल्सवर, मात्र जीव ओत. खोटा पल्स द्यायला कॉइल तिरकी केली की टिचकी बदलते आणि सहभागी ते ओळखू शकतो. तेवढाच आवाज, जवळपास तेवढीच टिचकी देणारी दुसरी जागा शोध.

टीएसीएसमध्येही (डोक्यावरून सौम्य उलटसुलट वीजप्रवाह देण्याच्या पद्धतीतही) हेच. डोळ्यांपुढे प्रकाश लुकलुकतो तो बहुधा रेटिनामुळे, म्हणजे डोळ्यातल्या पडद्यामुळे. २०१९ मध्ये त्वचा बधिर करून पाहिलं, तेव्हा हाताच्या कंपावरचा परिणाम घटला. म्हणजे काम बरंचसं त्वचेतल्या नसा करत होत्या.

प्रत्येक ब्लॉकनंतर सहभागीला विचार: काय जाणवलं, कुठे, किती? ते आकड्यांत लिहून ठेव आणि विश्लेषणात घे.