भावनेतून घडलेला काल्पनिक प्रदेश कसा उभा करायचा? आपल्याकडे त्याला काय अर्थ आहे?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: नागपुरात महाविद्यालयाच्या भित्तिपत्रकासाठी ‘वाट पाहण्याचा प्रदेश’ काढायचाय, एक नकाशा आणि सोबत दीड पान वर्णन. पण ‘दुःखाची नदी’, ‘रागाचा ज्वालामुखी’ यापलीकडे काही सुचत नाही. शिवाय असल्या प्रदेशांना आपल्याकडे काही परंपरा आहे का, हेही तुम्ही विचारलंय.

परंपरा आहे, आणि तुमची अडचण तिथेच सुटते. नदीला ‘दुःख’ असं नाव दिल्याने ती दुःखाची होत नाही. तिचं पाणी कुठे उगम पावतं, कशाने वाढतं, काय वाहून नेतं, हे भावनेने ठरवावं लागतं. मराठीतला याचा सगळ्यात पक्का नमुना म्हणजे ज्ञानेश्वरीच्या सातव्या अध्यायातली मायानदी. ब्रह्माच्या डोंगरकड्यावर संकल्पाचं पाणी फुटतं, गुणांचे ढग कोसळतात, मोहाचा महापूर येतो आणि यमनियमांची नगरंच्या नगरं वाहून जातात. द्वेषाचे भोवरे, मत्सराची वळणं. आणि सुखदुःखं? ती वर तरंगणारी ‘वोसाणं’, म्हणजे पुरासोबत आलेला काडीकचरा. हे फार मोलाचं आहे. आपण सुखदुःखालाच नदी करून बसतो. इथे ती नुसती वाहत आलेली आहेत, ओढ दुसऱ्याच कशाची आहे.

दुसरा नमुना तुमच्या घराजवळचा. संस्कृतचे अभ्यासक वा. वि. मिराशींनी कालिदासाच्या मेघदूतातला रामगिरी म्हणजे आपलं रामटेक असं मांडलं. त्या काव्यात माळव्यातली सिंधू नदी उन्हाने रोडावून विरहिणीच्या वेणीएवढी बारीक झाली आहे, काठच्या झाडांची वाळकी पानं गळून तिचा रंग फिका पडला आहे, आणि तिचा कृशपणा घालवणं मेघाच्या हाती आहे. झुरणं हा शब्द न वापरता नदी झुरताना दिसते.

प्राचीन तमिळ संगम कवितेत तर याची रीतसर पद्धतच होती: डोंगर मीलनाचा, रान वाट पाहण्याचं, शेतजमीन रुसव्याची, समुद्रकाठ झुरण्याचा, ओसाड भाग ताटातुटीचा. प्रत्येकाची वेळ आणि ऋतूही ठरलेला. वाट पाहण्याच्या रानाला संध्याकाळ आणि पावसाळा, कारण प्रियकर पावसाळ्याआधी येतो म्हणून सांगून गेलेला असतो. ओसाड भाग, म्हणजे ‘पालै’, ही मुळात वेगळी जमीन नाही. डोंगर नि रानच उन्हाने होरपळून पालै होतात. मे महिन्यात सागवानाचं पानगळीचं जंगल पाहिलेल्याला हे समजावून सांगावं लागत नाही. फ्रान्समध्ये माद्‌लेन द स्क्युदेरीच्या 1654 च्या कादंबरीतला प्रेमाचा नकाशाही प्रसिद्ध आहे. त्यातून एकच गोष्ट उचला: आपसूक ओढीच्या नदीकाठी एकही गाव नाही, कारण ती इतकी वेगात वाहते की थांबायला जागाच नको. आदराच्या आणि कृतज्ञतेच्या वाटांवर मात्र मुक्कामच मुक्काम आहेत, आणि चुकलेली वाट दुर्लक्षाच्या गावावरून उदासीनतेच्या तळ्यात जाते.

आता काम. ए-3 कागद आडवा घ्या. भावना एकच ठेवा. नऊच्या नऊ रस भरले की नकाशा मसाल्याचा डबा होतो. आधी उतार ठरवा, नावं मागाहून. उंच बाजू म्हणजे भावना जिथे सुरू होते ती, खालची म्हणजे ती जिथे संपते किंवा मुरते ती. एक नदी, तिला दोन-तीन नाले. इथे नेहमी होणारी चूक म्हणजे नदीला खाली जाताना फाटे फोडणं. नद्या खाली येताना एकमेकींना मिळतात: नाग कन्हानला, कन्हान वैनगंगेला. उताराचं हे गणित चुकलं की बघणाऱ्याला कारण कळत नाही, पण प्रदेश खोटा वाटतो.

मोजपट्टी किलोमीटरची नको, वेळेची घ्या. वाट पाहण्यासाठी एक सेंटिमीटर म्हणजे एक दुपार, असं चालेल. मग जवळची गावंही लांब पडतात आणि ते बरोबर आहे.

जमीन आपलीच घ्या. काळी माती उन्हाळ्यात आकसते, भेगा इतक्या रुंद होतात की हात आत जातो. पाऊस पडला की तीच माती फुगून भेग मिटवते. ज्वालामुखीपेक्षा रुसव्याला हे कितीतरी नेमकं. पाऊस म्हणजे उदासी हे समीकरण सोडा. नवतपाचे, म्हणजे सगळ्यात कडक उन्हाचे, नऊ दिवस काढलेल्या गावात पहिला पाऊस सुटकेचा असतो. इथली उदासी दुपारी दोनची आहे: बंद खिडक्या, रिकामा रस्ता, पांढरं ऊन.

तुमच्या विषयासाठी मी नकाशाच्या मधोमध झिरा काढेन. कोरड्या नदीच्या वाळूत हातभर खड्डा केला की तळाशी ओल दिसते, मग पाणी हळूहळू साचतं. पहिलं गढूळ येतं. दोन-तीनदा उपसून टाकलं की नितळ येतं. घाईने खोल उकराल तर कडेची वाळू ढासळून खड्डा बुजतो. वाट पाहणं याहून वेगळं काय असतं? वर्णनातला एक अख्खा परिच्छेद यालाच द्या.

गावं सात ते नऊ पुरेत. नावं इकडच्या वळणाची ठेवा: बर्डी, टोली, झरी, खापा, बोडी. ओसाड पडलेल्या गावाला आपल्याकडे रिठी म्हणतात. विसरलेल्या माणसांसाठी यापेक्षा चांगला शब्द मिळणार नाही. रस्त्यांत एक पांदण, म्हणजे शेताकडे जाणारी कच्ची वाट, असू द्या, जी पावसाळ्यात चिखलाने बंद होते. आणि शीव विसरू नका. मारबत, म्हणजे इडापिडेचा पुतळा, गावाबाहेर नेऊन जाळतात ती इडापिडा शिवेपलीकडे जावी म्हणून. शिवेबाहेर काय टाकलंय, यावरून तो प्रदेश कशाला भितो ते कळतं.

तपासणी अशी: सगळी नावं हाताने झाकून मित्राला नुसती आकृती दाखवा. त्याला ‘इथे कोणीतरी थांबलंय’ एवढं जरी वाटलं तरी जमलं. काहीच वाटलं नाही तर उतार आणि पाणी पुन्हा काढा, रंग वाढवू नका. वर्णनात ‘प्रतीक्षा’ आणि ‘विरह’ हे शब्द एकदाही येऊ देऊ नका. नावांवर शाई सगळ्यात शेवटी फिरवा, पेन्सिलीतली दोन-तीनदा तरी बदलतातच.